ऑस्लो करार डॉ. हैदर अब्देल-शफींना का पटला नाही

१३ सप्टेंबर १९९३ चा तो फोटो आपण सगळ्यांनी कधी ना कधी पाहिलेला आहे. व्हाइट हाउसची हिरवळ, मधोमध हात पसरून उभे असलेले बिल क्लिंटन, एका बाजूला इस्रायलचे पंतप्रधान यित्झाक राबिन, दुसऱ्या बाजूला पीएलओचे, म्हणजे पॅलेस्टाइन मुक्ती संघटनेचे यासर अराफात, आणि दोघांचं हस्तांदोलन. ऑस्लो करार म्हटलं की डोळ्यांसमोर हेच चित्र येतं.

त्याआधी जवळजवळ दोन वर्षं इस्रायलशी उघडपणे बोलणी करणाऱ्या पॅलेस्टिनी शिष्टमंडळाचे प्रमुख मात्र वेगळेच गृहस्थ होते. गाझाचे सर्जन डॉ. हैदर अब्देल-शफी, वय सत्तरीच्या पुढे. ते वॉशिंग्टनमध्ये फेऱ्यांमागून फेऱ्या करत असताना खरा करार नॉर्वेत, गुपचूप, दुसऱ्याच माणसांनी केला. तो हातात पडल्यावर अब्देल-शफींनी त्याला पाठिंबा द्यायला नकार दिला.

आता कोणाला वाटेल की हे गृहस्थ कडवे असणार, त्यांना तडजोडच नको असणार. तसं अजिबात नव्हतं. इस्रायलच्या शेजारी पॅलेस्टाइनचं राज्य, म्हणजे दोन राज्यांचा तोडगा, त्यांना मान्य होता आणि तो त्यांनी जगासमोर बोलून दाखवला होता. त्यांची हरकत कराराच्या एका विशिष्ट जागी होती. ती जागा समजली की पुढच्या तीस वर्षांत वेस्ट बँकमध्ये, म्हणजे जॉर्डन नदीच्या पश्चिमेकडच्या पॅलेस्टिनी भागात, काय होत गेलं ते बरंचसं समजतं. म्हणून त्यांची गोष्ट जरा सविस्तर सांगतो.

हैदर अब्देल-शफींचा जन्म १९१९ चा, गाझा शहरातला. वडील धर्मसंस्थेच्या मालमत्तांची, म्हणजे वक्फची व्यवस्था पाहणारे शेख. त्यांच्या कामामुळे हैदर यांच्या लहानपणीची काही वर्षं हेब्रॉनमध्ये गेली. हेब्रॉन हे ज्यू आणि मुस्लिम दोघांनाही पवित्र असलेलं जुनं गाव. तेव्हा तिथं पिढ्यान् पिढ्या राहणारी ज्यू कुटुंबं होती. शेजारपाजार चांगला होता, अशी आठवण ते पुढे सांगत. १९२९ मध्ये त्याच हेब्रॉनमध्ये ६७ ज्यूंची हत्या झाली आणि तो शेजार संपला. ज्यू आणि अरब एकत्र राहू शकतात हे ज्यांनी स्वतः पाहिलं होतं अशा शेवटच्या पिढीतले हे एक. मला त्यांच्या स्वभावातला ठामपणा आणि समजूतदारपणा, दोन्हीचं मूळ तिथं दिसतं.

जेरुसलेमच्या अरब कॉलेजात शिक्षण, मग बैरूतच्या अमेरिकन विद्यापीठातून १९४३ मध्ये डॉक्टरकी. काही काळ याफाच्या दवाखान्यात आणि फौजेत नोकरी करून ते गाझाला परतले आणि प्रॅक्टिस सुरू केली. तीन वर्षांतच १९४८ उजाडलं.

१९४८ चं युद्ध इस्रायलसाठी स्वातंत्र्ययुद्ध, पॅलेस्टिनींसाठी ‘नकबा’, म्हणजे महासंकट. सात लाखांच्या आसपास पॅलेस्टिनी घरंदारं सोडून गेले किंवा हाकलले गेले. त्यांपैकी सुमारे दोन लाख एकट्या गाझा पट्टीत आले. पट्टीची मूळ वस्ती होती जेमतेम ऐंशी हजार. म्हणजे घरात माणसं आठ आणि दारात पाहुणे वीस, आणि पाहुणे परत जाणारच नाहीत. राहायला तंबू, प्यायला पुरेसं पाणी नाही. या लोकांवर उपचार करणाऱ्या मोजक्या डॉक्टरांत अब्देल-शफी होते. निर्वासितांचा प्रश्न त्यांना तपासणीच्या टेबलावर भेटला.

इथं एक गोष्ट मराठी वाचकाला सांगावीशी वाटते. गाझापासून किनाऱ्यानं उत्तरेला गेलं की आधी अश्कलोन आणि पुढे अश्दोद लागतं. अश्दोदमध्ये आपल्या कोकणातून गेलेल्या बेने इस्रायली कुटुंबांची चांगली वस्ती आहे आणि तिथल्या जुन्या माणसांच्या तोंडी अजून मराठी ऐकू येते. त्याच परिसरात १९४८ पर्यंत इस्दूद नावाचं अरब गाव होतं. त्या गावचे लोक निर्वासित होऊन गाझात आले. हा सगळा प्रश्न इतक्या कमी अंतरात, इतक्या गर्दीत घडलेला आहे.

पुढची वर्षं भराभर सांगतो. १९५१ मध्ये ते अमेरिकेत ओहायो राज्यातल्या डेटनला सर्जरी शिकायला गेले. परत आले तेव्हा गाझावर इजिप्तचा कारभार होता. तिथल्या आरोग्यखात्याचे ते काही वर्षं प्रमुख होते. १९६४ मध्ये जेरुसलेमला पीएलओची स्थापना झाली. तिच्या पहिल्या कार्यकारी समितीत ते होते. अराफात संघटनेचे अध्यक्ष झाले ते त्यानंतर पाच वर्षांनी.

जून १९६७ च्या सहा दिवसांच्या युद्धात इस्रायलनं गाझा, वेस्ट बँक आणि पूर्व जेरुसलेम ताब्यात घेतलं. लष्करी अमलाशी सहकार्य करायला अब्देल-शफींनी नकार दिला. १९६९ मध्ये त्यांना सिनाईच्या वाळवंटात नाखेल या ठिकाणी तीन महिने हद्दपार केलं. १९७० मध्ये पुन्हा, या वेळी लेबनॉनला. परत येऊन १९७२ मध्ये त्यांनी गाझात रेड क्रेसेंट सोसायटी, म्हणजे रेड क्रॉसच्या धर्तीवरची वैद्यकीय मदत संस्था उभी केली. ती नुसता दवाखाना नव्हती. गाझाच्या सार्वजनिक जीवनातला तो एक मोठा आधार होता. औषधोपचारांबरोबर तिथं माणसं एकत्र येत, वाद घालत, संघटना बांधायला शिकत.

१९८० च्या जानेवारीत इस्लामवाद्यांच्या जमावानं या संस्थेच्या कार्यालयाला आग लावली. त्या काळात गाझातल्या धार्मिक गटांचा मुख्य राग इस्रायलपेक्षा अब्देल-शफींसारख्या निधर्मी, डाव्या विचारांच्या राष्ट्रवाद्यांवर होता. एकीकडे लष्कर हद्दपार करतंय, दुसरीकडे आपलेच लोक दवाखाना जाळतायत. अब्देल-शफींनी पुन्हा बांधला आणि काम चालू ठेवलं.

माद्रिदचं भाषण

१९८७ च्या डिसेंबरात पहिला इंतिफादा, म्हणजे ताब्याविरुद्धचा लोकउठाव सुरू झाला. १९९१ मध्ये आखाती युद्ध संपल्यावर अमेरिकेनं आणि शेवटच्या घटका मोजणाऱ्या सोव्हिएत संघानं मिळून माद्रिदला शांतता परिषद बोलावली. इस्रायलचे पंतप्रधान यित्झाक शमीर यांच्या अटी कडक होत्या. पीएलओचा माणूस नको, पूर्व जेरुसलेमचा नको, परदेशी राहणारा पॅलेस्टिनी नको. शिवाय पॅलेस्टिनींचं वेगळं शिष्टमंडळ नको, त्यांनी जॉर्डनच्या शिष्टमंडळातच बसायचं.

या चाळणीतून उरले गाझा आणि वेस्ट बँकमधले डॉक्टर, प्राध्यापक, नगरपालिकांतली माणसं. त्यांचे प्रमुख म्हणून अब्देल-शफी. सगळ्या गटांना त्यांच्याबद्दल आदर होता, पैशाच्या व्यवहारात त्यांच्याकडे कोणी बोट दाखवू शकत नव्हतं आणि कोणत्याही टोळीचा शिक्का त्यांच्यावर नव्हता.

३१ ऑक्टोबर १९९१ ला माद्रिदच्या राजवाड्यात ते बोलायला उभे राहिले. उंच, पांढऱ्या केसांचे, आवाज न चढवता बोलणारे. पॅलेस्टिनी माणूस जगाच्या मंचावर आपल्या लोकांच्या वतीनं, इस्रायलच्या पंतप्रधानांच्या समोर बसून बोलतोय, हे प्रथमच घडत होतं. शब्दांवर हनान अश्रावी यांनी मेहनत घेतली होती. त्या वेस्ट बँकमधल्या, रामल्लाजवळच्या बिर्झेत विद्यापीठातल्या मंडळींपैकी आणि शिष्टमंडळाच्या प्रवक्त्या. भाषणाचा आशय असा: आम्हाला सूड नको, कबुलीजबाब नको, न्याय्य शांततेची इच्छाशक्ती हवी. ही भूमी वाटून घ्यायला आम्ही तयार आहोत, पण वाटून घ्यायचं तर दोन्ही भागीदार बरोबरीचे हवेत. हंगामी टप्पाही आम्हाला चालेल, फक्त त्याचं कायमचं रूप होऊ नये. आणि वसाहती आत्ता, ताबडतोब थांबल्या पाहिजेत. बुलडोझर आणि काटेरी तारा रोज जमिनीचा निकाल लावत असताना शांततेची बोलणी होऊ शकत नाहीत.

बुलडोझर आणि काटेरी तारा. पुढची दोन वर्षं ते या मुद्द्यावरून हलले नाहीत.

आधी ‘जैसे थे’

वसाहत म्हणजे काय ते आधी पाहू. १९६७ मध्ये ताब्यात घेतलेल्या भागात इस्रायलनं आपल्या नागरिकांसाठी बांधलेल्या वस्त्या. काही डोंगरमाथ्यावरच्या दहा-वीस घरांच्या, काही चक्क शहरं. चौथ्या जिनिव्हा कराराचं ४९ वं कलम सांगतं की ताबा घेणाऱ्या सत्तेनं आपली प्रजा ताब्यातल्या प्रदेशात नेऊन वसवू नये. इस्रायल म्हणतं की हे कलम इथं लागू होत नाही. जगातले बहुतेक देश म्हणतात की होतं. कायद्याचा वाद बाजूला ठेवला तरी व्यवहार साधा आहे. जिथं वसाहत येते तिथं तिच्यासाठी रस्ता येतो, रस्त्यासाठी जमीन जाते, रक्षणासाठी सैन्य येतं आणि शेजारच्या गावाची वाट बंद होते.

आपल्याकडे भावकीत जमिनीच्या वाटणीचा दावा कोर्टात गेला की चांगला वकील पहिल्याच तारखेला काय मागतो? ‘जैसे थे’चा हुकूम. दावा दहा वर्षं चालेल, चालू दे. पण तोवर कोणी बांध हलवायचा नाही, झाड तोडायचं नाही, नवं बांधकाम करायचं नाही. कारण ज्याच्या हातात ताबा आहे त्याला तारखा लांबण्याचा त्रास नसतो. तो तेवढ्यात विहीर खणतो, घर बांधतो, आणि निकालाच्या दिवशी म्हणतो, आता हे कसं पाडणार?

अब्देल-शफी मागत होते ते नेमकं हेच. अंतिम सीमा कुठे असावी यावर नंतर बोलू, जेरुसलेमवर नंतर बोलू, पण बोलणी चालू असेपर्यंत वसाहतींचं बांधकाम थांबवा.

त्यांच्या मागणीत वजन होतं याचा एक पुरावा असा की खुद्द अमेरिकेचे अध्यक्ष थोरले बुश यांनी इस्रायलला हव्या असलेल्या दहा अब्ज डॉलरच्या कर्जहमीचा संबंध वसाहतींशी जोडून ती अडवून धरली होती. १९९२ च्या उन्हाळ्यात राबिन निवडून आले, त्यांनी नव्या वसाहतींवर काही मर्यादा घातल्या आणि कर्जहमी मोकळी झाली. पण आधी सुरू झालेली हजारो घरं बांधायला परवानगी राहिली. अब्देल-शफींना हवी होती ती पूर्ण स्थगिती मिळाली नाही.

वॉशिंग्टनमधल्या फेऱ्यांची सुरुवात कशी झाली ते ऐकण्यासारखं आहे. डिसेंबर १९९१, अमेरिकेच्या परराष्ट्र खात्याची इमारत. बोलणी कोणत्या खोलीत करायची यावरच अडलं. इस्रायलचं म्हणणं, जॉर्डन आणि पॅलेस्टिनी मिळून एका खोलीत बसा. पॅलेस्टिनींचं म्हणणं, आमचा प्रश्न वेगळा आहे, आम्हाला वेगळी खोली द्या. कोणीच आत जाईना. मग इस्रायलचे एल्याकीम रुबिनस्टाइन, जॉर्डनचे अब्देल सलाम मजाली आणि अब्देल-शफी बाहेरच्या कॉरिडॉरमधल्या सोफ्यावर बसून बोलत राहिले. दिवसामागून दिवस. शेवटी जानेवारीत तोड निघाली: पॅलेस्टिनींना वेगळी खोली, सोबत जॉर्डनचे मोजके प्रतिनिधी. खोलीचा आग्रह कोणाला बालिश वाटेल. पण ‘पॅलेस्टिनी म्हणजे जॉर्डनचाच एक भाग’ हे म्हणणं मान्य करायचं की नाही, हा प्रश्न त्या दारात उभा होता. ज्यांना आपण स्वतंत्र समाज आहोत हेच सिद्ध करायचं आहे त्यांनी खोलीसाठी महिना घालवला तर तो वाया गेला असं मला वाटत नाही.

माद्रिदनंतर वातावरण किती बदललं हे आपल्याकडेही दिसलं. पीएलओला १९७४ मध्ये मान्यता देणाऱ्या आणि १९८८ मध्ये पॅलेस्टाइनचं राज्य मान्य करणाऱ्या भारतानं जानेवारी १९९२ मध्ये इस्रायलशीही पूर्ण राजनैतिक संबंध सुरू केले.

डिसेंबर १९९२ मध्ये इस्रायलनं हमास व इस्लामिक जिहाद या सशस्त्र इस्लामवादी संघटनांच्या चारशेहून अधिक माणसांना लेबनॉनच्या हद्दीत नेऊन सोडलं आणि वॉशिंग्टनची बोलणी थंडावली. दुसऱ्याच महिन्यात नॉर्वेत गुप्त भेटी सुरू झाल्या. पीएलओकडून अहमद कुरै, इस्रायलकडून आधी दोन प्राध्यापक आणि नंतर सरकारी अधिकारी. वॉशिंग्टनमध्ये बसलेल्या अब्देल-शफींना याची कल्पना नव्हती.

करारात होतं काय?

दोन गोष्टी होत्या. पहिली, मान्यतेची पत्रं. अराफातांनी लिहून दिलं की इस्रायलचा शांततेत आणि सुरक्षिततेत राहण्याचा हक्क आम्हाला मान्य आहे. राबिननी लिहून दिलं की पीएलओ ही पॅलेस्टिनी लोकांची प्रतिनिधी आहे हे आम्हाला मान्य आहे. दोन्ही वाक्यं पुन्हा वाचा. एका बाजूनं दुसऱ्याचं राज्य मान्य केलं. दुसऱ्या बाजूनं समोरची संघटना मान्य केली. पॅलेस्टिनी राज्याचा शब्द त्यात नाही.

दुसरी गोष्ट म्हणजे तत्त्वांचा जाहीरनामा. पाच वर्षांचा हंगामी काळ. त्यात गाझा आणि वेस्ट बँकमध्ये टप्प्याटप्प्यानं पॅलेस्टिनी स्वशासन. जेरुसलेम, निर्वासित, वसाहती, सीमा हे सगळे कठीण विषय अंतिम बोलणीसाठी राखून ठेवलेले. साठेखत आणि खरेदीखत यांतला फरक आपल्याला माहीत असतो. ऑस्लो हे फार तर साठेखत होतं, आणि त्यात सात-बाऱ्यावर शेवटी कोणाचं नाव लागणार तेही लिहिलेलं नव्हतं. हंगामी काळात वसाहतींचं बांधकाम थांबेल अशी ओळ तर नव्हतीच.

अब्देल-शफींचं बोट तिथं होतं. वसाहती अंतिम बोलणीसाठी राखून ठेवल्या, याचा अर्थ इस्रायलनं असा लावला की तोपर्यंत बांधकाम चालू ठेवायला आडकाठी नाही. भाषा जागोजागी मोघम, आणि मोघम कराराचा अर्थ नेहमी ताकदवान बाजू लावते, हा त्यांचा आक्षेप होता.

अराफातांची बाजूही समजून घ्यायला हवी, कारण ती पोकळ नव्हती. आखाती युद्धात त्यांनी सद्दामच्या बाजूनं झुकतं माप दिलं आणि आखाती देशांनी पैसे बंद केले. कुवेतमधून लाखो पॅलेस्टिनींना निघावं लागलं. सोव्हिएत संघ संपला. १९८२ पासून पीएलओ दूर ट्युनिसमध्ये अडकलेली, आणि गाझात हमास वाढत होती. अशा वेळी इस्रायलची मान्यता आणि मायदेशी परतण्याची संधी समोर आली. त्यांनी ती घेतली. अब्देल-शफींनीही त्यांचं पुढारपण कधी नाकारलं नाही. त्यांचं म्हणणं होतं की एवढा मोठा निर्णय एका माणसानं, मोजक्या विश्वासूंसह, शिष्टमंडळाला अंधारात ठेवून घेऊ नये. वॉशिंग्टनमधल्या मंडळींकडे वकील होते, नकाशे होते, वसाहतींची खडान्‌खडा माहिती होती. ऑस्लोत त्यातलं काही वापरलंच गेलं नाही.

पुढे काय झालं ते आकड्यांत पाहा. करार झाला तेव्हा पूर्व जेरुसलेम सोडून वेस्ट बँकमध्ये सुमारे १ लाख १० हजार इस्रायली वसाहतवाले राहत होते. २००० साली ते सुमारे १ लाख ९० हजार झाले. म्हणजे शांततेची बोलणी ज्या सात वर्षांत चालू होती त्याच वर्षांत जवळपास पावणेदोन पट.

फेब्रुवारी १९९४ मध्ये हेब्रॉनमध्ये बारूख गोल्डस्टाइन या वसाहतवाल्यानं नमाज पढणाऱ्या २९ जणांना गोळ्या घातल्या. त्यानंतर हेब्रॉनच्या मध्यवस्तीतली छोटी वसाहत हलवण्याचा विचार राबिन सरकारात झाला, पण वसाहत राहिली. त्याच वर्षी इस्रायलच्या शहरांमध्ये हमासचे आत्मघाती स्फोट सुरू झाले. नोव्हेंबर १९९५ मध्ये राबिन यांचीच एका कट्टर ज्यू तरुणानं हत्या केली.

त्याआधी सप्टेंबरमध्ये झालेल्या दुसऱ्या ऑस्लो करारानं वेस्ट बँकचे ए, बी आणि सी असे तीन भाग पाडले. ए मध्ये शहरं, तिथं पॅलेस्टिनी पोलीस. बी मध्ये गावं. कारभार पॅलेस्टिनींचा, सुरक्षा मुख्यतः इस्रायलची. सी मध्ये पूर्ण इस्रायली ताबा. सी हा भाग हळूहळू पॅलेस्टिनींकडे जायचा होता. २००० मध्ये हस्तांतर थांबलं तेव्हा साठ टक्के जमीन सी मध्ये होती, आणि आजही आहे. जवळजवळ सगळ्या वसाहती त्यात, शेतजमीन आणि मोकळी जागा बहुतेक त्यात, आणि ए आणि बी म्हणजे त्यात विखुरलेली बेटं. एका बेटावरून दुसऱ्यावर जायचं तर वाटेत लष्कराचा नाका.

घरच्या आघाडीवर

अब्देल-शफी टीका करून घरी बसले नाहीत. जानेवारी १९९६ मध्ये पॅलेस्टिनी विधान परिषदेची पहिली निवडणूक झाली, ती ऑस्लो कराराप्रमाणेच. करार न पटलेला हा माणूस उभा राहिला आणि गाझात सर्वाधिक मतांनी निवडून आला. लोकांना करार हवा होता आणि त्यावर बोट ठेवणारा माणूसही हवा होता. मला यात विसंगती दिसत नाही. अब्देल-शफींना वाटत होतं की निदान आपलं घर तरी नीट चालवावं. खर्चाचा हिशोब द्यावा, परिषदेनं केलेले कायदे अध्यक्ष अराफातांनी अमलात आणावेत, पदं नात्यागोत्यात वाटू नयेत. दीड-दोन वर्षं पाहिलं. परिषद ठराव करत होती आणि अराफातांचं कार्यालय ते बाजूला ठेवत होतं. अब्देल-शफींनी राजीनामा दिला.

त्या काळात ते पुन्हा पुन्हा एकच सांगत: आपली ताकद कमी आहे हे खरं, म्हणून तर आपल्याला शिस्त, संघटना आणि लोकशाही जास्त लागते. २००२ मध्ये, दुसरा इंतिफादा पेटलेला असताना, वयाच्या ८३ व्या वर्षी त्यांनी डॉ. मुस्तफा बरघौती यांच्यासह ‘पॅलेस्टिनी राष्ट्रीय पुढाकार’ ही चळवळ सुरू केली. अराफातांचा पक्ष फतह आणि हमास या दोघांनाही लोकशाहीवादी, निधर्मी पर्याय असावा म्हणून. ती कधी मोठी झाली नाही. तिकडे रेड क्रेसेंटचं काम चालूच होतं.

२००५ मध्ये इस्रायलनं गाझातल्या वसाहती उठवल्या. २००६ ची निवडणूक हमासनं जिंकली, आणि जून २००७ मध्ये फतहशी रस्त्यावर लढून गाझाचा ताबा घेतला. अब्देल-शफी तेव्हा कॅन्सरनं आजारी होते.

२५ सप्टेंबर २००७ रोजी गाझात त्यांचं निधन झालं. वय ८८. वेस्ट बँकमधले वसाहतवाले तेव्हा अडीच लाखांच्या पुढे गेले होते. ऑस्लोची पाच वर्षांची हंगामी मुदत संपून आठ वर्षं झाली होती.